देव्हाऱ्यासमोरची स्पॅनिश

श्रीगजाननास वंदन करून आणि वाग्देवीचे स्मरण करून, आमच्या शेजारीण शालिनीवहिनी गेल्या आठवड्यात मुलुंड सोडून अंधेरीस राहावयास गेल्या, त्यानिमित्त हे चार शब्द लिहितो.

त्यांचा देव्हारा आणि माझा, मध्ये एक भिंत. मी सकाळी संध्येस बसलो की पलीकडून स्वर येई: "आब्लो, आब्लास, आब्ला," मग घंटा. "आब्लामोस, आब्लाइस, आब्लान," पुन्हा घंटा. आयुष्यभर संस्कृत शिकविले, पण हे स्तोत्र कधी कानी पडले नव्हते. अखेर जिन्यात विचारले.

"स्तोत्र कसलं, गुरुजी? स्पॅनिश आहे. 'बोलणे'चा वर्तमानकाळ."

अंधेरीच्या एका निर्यात कंपनीस पत्रव्यवहारासाठी स्पॅनिश जाणणारे माणूस हवे होते. मुलाखत मे महिन्यात होती. यजमान विनायकरावांनी "मग घर कोण बघणार?" एवढे विचारून विषय मिटविला होता.

"पण देवासमोर?"

"आमच्या घरात तेवढी एकच जागा आहे, जिथे बसलं की कोणी चहा मागत नाही. आणि देवाला कुठलीही भाषा चालते. नाही म्हणाला तर सांगा मला."

मी व्यथित झालो. तरी धातू, पुरुष, वचन हे शब्द जिथे लागू पडतात तिथे फार काळ रुसून राहणे मला जमत नाही. वहिनी गॅलरीत कपडे वाळत घालीत तेव्हा मी पुस्तक धरून त्यांची रूपे तपासू लागलो. अनियमित क्रियापदे आली की त्या म्हणत, "ह्या माझ्या नणंदा. कुठल्याच नियमात बसत नाहीत, आणि रोज लागतात."

एकदा मी आनंदाने दाखविले, की संस्कृताप्रमाणेच येथेही प्रत्ययावरून कर्ता कळतो, 'मी' निराळा म्हणावा लागत नाही. वहिनींनी चादर झटकली. "म्हणजे आमच्या घरासारखंच. काम सगळं दिसतं, मी कुठे दिसत नाही."

मुलाखत जवळ आली आणि एका संध्याकाळी विनायकराव माझ्याकडे आले. "गुरुजी, ही तासभर काय म्हणते हो? मला काहीतरी गडबड वाटते. उद्यापासून बंद करायला सांगू का?"

मी जानव्यास हात लावला. "पश्चिमेकडील परंपरा आहे. पुरुष, वचन, काळ, सारे क्रमाने म्हणावे लागते. मध्ये खंड पडला तर फळ मिळत नाही."

त्यांनी मला नमस्कार केला. यात असत्य कोठे होते, हे मी आजही शोधतो आहे.

वहिनींना नोकरी मिळाली. विनायकराव आठवडाभर धुसफुसले. पुढे स्वतः पोळ्या लाटू लागले. त्या पोळ्यांचे नकाशे पाहण्याचा योग मला आला आहे.

निघायच्या दिवशी टेम्पोत पुढच्या बाजूस वहिनींच्या सासूबाई बसल्या होत्या. मी म्हणालो, "माई, सुनेची उपासना फळाला आली."

"पुरे हो, गुरुजी. मी काय बहिरी आहे? वर्षभरात एकदा देवाचं नाव आलं नाही त्यात."

"मग आपण बोलला नाहीत?"

"बोलून काय करू? रोज देवघराच्या उंबऱ्यात वाती वळत बसायचे. विन्या आत शिरू नये म्हणून."

वाचकहो, आपल्या घरीही देव्हाऱ्यापुढे बसलेल्या सुनेस कोणी हाक न मारो, उंबऱ्यात अशी एखादी माई असो, आणि तो विघ्नहर्ता आपणा सर्वांस सुखात ठेवो.