पडद्यावर दिसलेलं आमचं कुत्रं
ओल्या लोकरीचा वास आला की मला आमचं कुत्रं आठवतं. माकणीच्या धरणाकाठी वडील मेंढरं चारायचे, ते त्यांच्यासोबत असायचं. मेंढपाळांवर माहितीपट करणारे लोक आले, त्यांनी कॅमेरा अगदी तोंडाजवळ नेला, तरी कुत्रं जागचं हललं नाही. "किती शांत आहे!" कॅमेरावाला म्हणाला. पुढं शाळेत तो माहितीपट दाखवला, तेव्हा वडीलही आले होते. पडद्यावर आमचं कुत्रं पाण्याकडं बघत बसलं होतं. आम्ही टाळ्या वाजवल्या. वडील मात्र मला हळूच म्हणाले, "शांत न्हाय गं, लई थकलंय ते. रोज संगं हाय, तरी मला दिसलं न्हाय." दुसऱ्या दिवशी कुत्र्याला घरी ठेवून ते एकटेच निघाले. आता सासरची माणसं पाहुण्यांपुढं माझ्या शांत स्वभावाचं कौतुक करतात. मी मान हलवते आणि भिंतीला जरा टेकून बसते.