बाईंचा विरोध

महिन्यापूर्वी रंजनाचा फोन आला. "बाई गेल्या, भाऊ," एवढंच म्हणाली आणि रडायला लागली. बाईंचं वय झालंच होतं. मला नवल वाटलं ते त्या रडण्याचं... पाच वर्षं या दोघींना भांडताना मी जवळून पाहिलं होतं.

सुमतीबाई कळमेश्वरकडच्या एका गावच्या मालगुजार म्हणजे जमीनदार घराण्यातल्या. मी तिथं ग्रामसेवक होतो. बाई दोनदा सरपंच झाल्या. मग पद राखीव झालं आणि त्यांच्याच शेतात तण निंदायला येणारी रंजना सरपंच म्हणून निवडून आली. बाई साध्या सदस्य. पहिल्या सभेत रंजना खुर्चीजवळ जाईना. बाईही उभ्याच. शेवटी म्हणाल्या, "बस वं. सरपंच बसल्याशिवाय मले बसता येत नाही." रंजना बसली, आणि तिच्या पहिल्याच ठरावाला बाईंनी विरोध केला.

ठराव होता रंजनाच्या वस्तीतून स्मशानभूमीकडे जाणाऱ्या रस्त्याचा. तोवर तिथले लोक तिरडी घेऊन लांबचा वळसा घालत. नवा रस्ता बाईंच्या शेताच्या कोपऱ्यातून जाणार होता. बाईंचं म्हणणं, कोपरा खोलगट आहे, पाणी साचेल, नाल्याकडून न्या. तासभर वाद चालला. मतदानात बाई एकट्या पडल्या. मालगुजारांची जमीन, आता प्रकरण कोर्टात जाणार असं मी धरूनच चाललो होतो... दुसऱ्या दिवशी सकाळी मोजणीला गेलो, तर बाई स्वतः बांधावर उभ्या राहून तारेचं कुंपण काढून घेत होत्या. मत बदललं का, असं विचारलं. म्हणाल्या, "काहून बदलू? पण ठराव झाला नं."

पावसाळ्यात तिथं खरंच गुडघाभर चिखल झाला. रंजनानं मुरूम टाकायचा ठराव मांडला, तेव्हा पहिला हात बाईंचा वर गेला.

पुढे त्या शहरात, मनीषनगरला मुलीकडे राहायला आल्या. मी निवृत्त होऊन प्रताप नगरात. शेवटचा भेटलो तेव्हा इतकी वर्षं मनात राहिलेलं विचारून टाकलं : काळजी पाण्याची होती की जमिनीची?

"दोन्हीची, भाऊ. सांगितलं फक्त पाण्याचं."

परवा त्यांच्या खोलीत जाऊन आलो. मुलीनं टेबल अजून आवरलेलं नाही. वर सोसायटीच्या सभेची नोटीस आहे : दोनपैकी कोणती लिफ्ट आधी दुरुस्त करायची. समासात बाईंचं पेन्सिलीतलं बारीक अक्षर... "आपल्याकडची जास्त खराब. पण आपलीच. बोलावं का?"