कयाधूकाठची समुद्र गल्ली

ज्या गल्लीत कोणालाच सकाळी उठून ऑफिसला जायचं नसतं, तिथं किस्से फार साचतात. आमची नाटक कंपनी हिंगोलीत मोडली आणि आम्ही काही जण कयाधू नदीच्या काठीच राहिलो. मी पेटीवाला. राजाराम पडदे रंगवायचा. शेजारी उस्मानभाईंचा फोटो स्टुडिओ. त्यांच्यासाठी राजारामनं पडद्यावर समुद्र रंगवला आणि आमची झाली समुद्र गल्ली!

समुद्र मात्र आमच्यापैकी कोणीच पाहिला नव्हता. राजारामनंही नाही! त्याला एकच ध्यास. भेटेल त्याला विचारायचा, "समुद्र असाच असतो का हो?"

* * *

पुसेगावचं एक जोडपं फोटोला आलं. बाईनं पडदा बघितला आणि लेकरू चटकन दुसऱ्या मांडीवर घेतलं.

"एवढं पाणी! लेकरू पडंल की!"

राजाराम आठवडाभर हवेत होता.

* * *

सेनगावच्या एका पाटलांना बैलासकट फोटो पाहिजे होता. बैलानं आत येताच पडदा चाटला. आम्ही ओरडलो. राजाराम मात्र बैलाच्या कानाशी वाकला.

"खारट लागून राहिलं का रे?"

* * *

एक कारकून मुंबईला जाऊन आला. राजाराम धावतच स्टेशनवर!

"पाहिला का समुद्र?"

"न्हाई हो, राहूनच गेलं!"

राजाराम त्याच्याशी वर्षभर बोलला नाही.

* * *

रझाकारीत गल्ली पांगली. आम्ही निजामाची हद्द ओलांडून वाशीमकडे निघालो. मी पेटी घेतली, राजारामनं खांद्यावर समुद्र. करोडगिरीच्या, म्हणजे जकातीच्या, नाक्यावर शिपायानं गुंडाळी ठोकून बघितली.

"क्या है ये?"

"समंदर."

त्यानं थोडं उलगडून पाहिलं. "जाव! समंदर पे करोडगिरी नै लगती!"

* * *

पोलिस ॲक्शननंतर परतलो, तर निम्म्या घरांना कुलपं. उस्मानभाई तेवढे स्टुडिओच्या दारात उभे. फार वाळले होते.

"समंदर लाए क्या?"

मला रडूच आलं.

* * *

त्याच महिन्यात फौजेतला एक जवान फोटोला आला. रत्नागिरीकडचा, कोळ्याच्या घरचा! राजाराम लगबगीनं पुढे आला. इतक्या वर्षांचा प्रश्न त्यानं कसाबसा विचारला.

"समुद्र असाच असतो का हो?"

जवान पडद्याकडे बघतच राहिला. उस्मानभाई कॅमेऱ्याच्या काळ्या फडक्यातून बाहेर आले.

मग जवान स्टुलावर बसला. बूट काढून बाजूला ठेवले, पँट गुडघ्यापर्यंत दुमडली आणि पडद्यापुढे जाऊन उभा राहिला.

"हां, आता काढा फोटो."