तालमीतले एल्फ

संग्रामचा फोन आला तेव्हा मी ऑफिसात डबा खात होतो. "तुझं ते पुस्तकी ज्ञान या वेळी कामाला येऊ दे," म्हणाला आणि गणपतीला कोल्हापूरला बोलावलं. संग्राम माझा हॉस्टेलवरचा रूममेट. एल्फ, ड्वॉर्फ, गॉब्लिन, ड्रॅगन असल्या अद्भुत जगाच्या इंग्रजी कादंबऱ्यांची आम्ही दोघांनी पारायणं केलेली. यंदा गल्लीतल्या तालमीच्या सजीव देखाव्यात तेच जग उभं करायचं, हे त्याने कमिटीच्या गळी उतरवलं होतं. वस्तादांची अट एकच होती. पहिल्या संध्याकाळी लोक थांबले तर ठीक, नाहीतर दुसऱ्या दिवसापासून नेहमीचा ऐतिहासिक देखावा. कॉलेजपासूनचं स्वप्न एका संध्याकाळवर आलं होतं. मी रजा टाकली, त्याच्या सांगण्यावरून एल्फांसाठी टोकदार रबरी कान विकत घेतले आणि निघालो.

जाणाऱ्यांसाठी सांगतो. स्वारगेटहून एसटी भरपूर आहेत आणि रस्ता चौपदरी झाल्यापासून पाठ शाबूत राहते. पण घरगुती गणपती गेले की देखावे बघायला आसपासची गावंच्या गावं शहरात उतरतात, तेव्हा लॉज आणि परतीचं आरक्षण आधीच करून ठेवा. संध्याकाळी पेठांतले रस्ते गाड्यांना बंद असतात. रिक्षा लांबच सोडते, पुढे पायी चालायचं. सकाळी मिसळ खाल्ली. कट बेताने घ्या असं सगळे सांगतात. मी ऐकलं नाही आणि नाक पुसत बाहेर पडलो. मग संग्रामने दूध कट्ट्यावर नेलं. म्हैस समोर पिळून फेसाळ दूध पेल्यात देतात. तेवढ्यासाठीसुद्धा कोल्हापूरला जावं.

दुपारी तालमीत गेलो. कुस्तीच्या हौद्यातल्या लाल मातीला हळद-ताकाचा वास होता. बुटके, रुंद पैलवान तागाच्या दाढ्या लावून ड्वॉर्फ झालेले. गॉब्लिनांना हिरवा रंग चालला होता. ड्रॅगनची मान उसाच्या ट्रॉलीच्या जॅकवर वर-खाली होत होती आणि त्याच्या पोटात उदाची धुपाटणी ठेवली होती. मी मनापासून खूश झालो.

मग एल्फांची पाळी आली. उंच, सडपातळ म्हणून निवडलेले हे पैलवानच, आणि त्यांचे कान कुस्तीत मोडून, सुजून, मुठीसारखे वळलेले. संग्राम लहानपणापासून असेच कान बघत आलेला, त्यामुळे हे त्याच्या डोक्यातच आलं नव्हतं. रबरी कान बसेनात. डिंक लावला, चिकटपट्टी लावली, तरी सुटून खांद्यावर पडत. शेवटी शिवा नावाच्या पैलवानाने मान मागे घेतली.

"ह्या कानासाठी वरसं घातली मातीत," तो म्हणाला. "आणि आता ते झाकायचं व्हय?"

वस्ताद बाजूला बसून थंडाई पीत होते. त्यांनी मान डोलावली, कुणाच्या बाजूने ते कळलं नाही. मी मात्र हट्टाला पेटलो. टोकदार कान नसतील तर ते एल्फच नव्हेत, सगळी पुस्तकं हेच सांगतात, असं बरंच काही बोललो. संग्रामचं तोंड उतरलेलं बघून मला वाईट वाटलं आणि मी रबरी कान पिशवीत परत टाकले.

दिवेलागणीला देखावा सुरू झाला. ड्रॅगनच्या नाकातून धूर आला तशी पोरं ओरडली, पण मोठी माणसं जरा बघून पुढे सरकत होती. मग धुरातून पांढऱ्या झग्यातले एल्फ आले, आपल्याच कानांनी. माईकवर संग्राम होता आणि तो कागदावर नसलेलं बोलत होता.

"हे सर्वांत जुने लोक. हजार वर्षं जगतात. मातीला कान लावून तिचं म्हणणं ऐकत बसतात, म्हणून त्यांचे कान असे वळलेत."

माझ्या पुढे एक म्हातारं जोडपं निघायच्या बेतात होतं. आजोबा थबकले. त्यांनी पटका जरा वर सरकवला. त्यांचेही दोन्ही कान तसेच.

"आवो, तुमच्यातलंच हायत की हे," आजी म्हणाल्या.

आजोबा हलले नाहीत. त्यांच्या मागची रांगही मग हलेना. खेळ संपला तरी ते जागेवरच होते. पुन्हा सुरू झाला तेव्हा त्यांनी शेजारच्या अनोळखी माणसाला आपला कान दाखवला आणि स्टेजवरचा शिवा दाखवला. तोवर गर्दी गल्लीच्या तोंडापर्यंत गेली होती. मीही तीन खेळ उभ्याने बघितले. खरं सांगतो, त्या रात्रीइतकं मला कुठलंच पुस्तक खरं वाटलं नव्हतं.

सकाळी निकाल ऐकायला तालमीत गेलो. संग्राम रात्रभर झोपला नव्हता. वस्ताद माती उकरत होते. त्यांनी फावडं टेकवलं.

"आज मला कुठं हुभं करतूस?" ते म्हणाले. "त्या जुन्या लोकांत म्हातारं माणूस एक बी न्हाय."

संग्रामने वाकून त्यांचे पाय धरले. मग वस्ताद माझ्याकडे वळले आणि म्हणाले, "पावणं, सांजंपतूर थांबा की." मी आरक्षण रद्द केलं.

आता पुण्यात परत आलोय. काल सवयीने कपाटातली एक जाडजूड कादंबरी काढली. त्यात एल्फांची सुंदर चित्रं आहेत, गोरे चेहरे, नीट टोकदार कान. बराच वेळ बघितली. चांगली आहेत बिचारी, पण अजून मातीत उतरलेली दिसत नाहीत.