गांचोच्या ताटातल्या लाल मिरच्या

अर्ध्या मिरच्या सोलून परातीत पडल्या होत्या, अर्ध्या अजून पातेल्यात झाकणाखाली घाम गाळत होत्या, आणि तेवढ्यात अंगणाचं फाटक कुरकुरलं. विदानं वर पाहिलंसुद्धा नाही. हाक न मारता, आपल्याच घरात शिरल्यासारखं फाटक ढकलणारा माणूस गावात एकच होता. तिच्या वारलेल्या नवऱ्याचा थोरला भाऊ, गांचो.

तो आला आणि भट्टीशेजारच्या एकुलत्या एक खुर्चीत बसला. ऑगस्ट सरत आला की डोंगराखालच्या त्या गावात घरोघरी अंगणात विजेची उभी भट्टी लागते. लांबट लाल ढोबळी मिरची तिच्यात उभी सोडायची, साल काळं पडून फुगलं की काढून झाकून ठेवायची, वाफेनं साल आपसूक सुटतं. गांचोनं उभ्या जन्मात एक मिरची भाजली नव्हती. पण दरवर्षी तो या खुर्चीत बसून विदाला मिरच्या भाजायला शिकवायचा. नळाखाली धर म्हणजे पटकन सोलतील, असं त्याचं म्हणणं. भाजल्याचा सगळा वास मोरीत गेला तरी चालेल, पण शिकवलं पाहिजे. आणि शिकवून झालं की जाताना चार बरण्या काखेत मारायच्या.

या खेपेला मात्र तो बातमी घेऊन आला होता. विदाच्या मुलीला, रुमेनाला, मागणी घालायला गाब्रोवो शहराहून माणसं येणार होती, त्यांना त्यानं परस्पर फोन करून उद्याच बोलावलं होतं. शनिवार आहे, त्यांना सुट्टी आहे, मलाही वेळ आहे, असं तो म्हणाला. त्याला वेळ नसण्यासारखं काय होतं ते देव जाणे.

विदाचा हात थांबला. "दादा, उद्या योहानाचा दिवस आहे."

"कुठला योहान?"

"शिरच्छेदाचा. उद्या कडक उपवास. चीज नाही, लाल काही नाही, काळी द्राक्षं नाहीत, सुरीला हात लावायचा नाही."

"तो सप्टेंबरात," गांचो म्हणाला. "मेंढरं डोंगरावरून उतरायला लागतात तेव्हा. माझ्या आजीनं पाळलेला दिवस तू मला शिकवतेस? या गावात चर्चमध्ये पहिली मेणबत्ती कोण लावतं?"

पहिली मेणबत्ती तोच लावायचा, हे खरं होतं. दर रविवारी सर्वांच्या आधी येऊन, सर्वांत जाड मेणबत्ती घेऊन, माणसं जमेपर्यंत ती न पेटवता हातात धरून उभा राहायचा. बघणारं कुणी नसेल तर देवाला एकट्याला दाखवून काय उपयोग, असा त्याचा हिशेब असावा. उपवासाच्या दिवसांत तर तो अंगात आल्यासारखा गावभर फिरायचा. कुणाच्या स्वयंपाकघरातून लोण्याचा वास येतो, कुणी बुधवारी दूध प्यायलं, सगळं त्याच्या नाकाला कळायचं. म्हाताऱ्या बायांना तो रस्त्यात थांबवून दटावायचा आणि त्या बिचाऱ्या मान खाली घालायच्या.

पण त्याच बायांनी त्याला दुसऱ्या वेषातही पाहिलं होतं. कम्युनिस्ट पक्षाचं राज्य होतं तेव्हा गांचो सहकारी भांडारात कारकून होता आणि ईस्टरच्या सणाला चर्चच्या फाटकाबाहेर उभा असायचा. आत जायला नव्हे. कोण आत जातं ते बघायला. विदा तेव्हा नवी नवरी. डोक्यावरचा रुमाल पुढे ओढून ती त्याच्यासमोरून आत गेली होती, आणि दुसऱ्या दिवशी तिच्या नवऱ्याला, म्हणजे स्वतःच्या सख्ख्या भावाला, गांचोनं चौकात सगळ्यांदेखत विचारलं होतं, तुझ्या बायकोला मेंदू नाही का रे. राज्य पडलं त्याच्या पुढच्याच ईस्टरला तो फाटकाच्या आत होता. एवढं एक पाऊल टाकायला त्याला ना लाज वाटली, ना वेळ लागला.

अशा माणसाला विदानं अंगणातून हाकलून द्यायला हवं होतं. पण बाप नसलेल्या मुलीचा होकार बापाच्या थोरल्या भावानं द्यायचा ही रीत, आणि गांचोला त्या रीतीची किंमत बरोबर ठाऊक होती. मागे रुमेनाला एका शिक्षकाचं स्थळ आलं होतं. चांगला मुलगा, शांत. रुमेनाच्या हातून मुलाच्या वडिलांचा पेला आधी भरला गेला आणि आपला नंतर, एवढ्यावरून गांचोनं टोपी उचलली आणि तो चालता झाला. ज्या घरातला मोठा माणूस ताटावरून उठतो तिथली मुलगी नको, म्हणून ती माणसंही गेली. आता रुमेनाची तिशी उलटली होती. उद्या येणाऱ्या बोयानसारखा मुलगा पुन्हा दारात येणार नव्हता.

म्हणून विदा एवढंच म्हणाली की बरं.

"आणि माझ्या मिरच्या कर," गांचो उठताना म्हणाला. "चीज घालून. त्यांना कळू दे आपल्या घरचं खाणं काय असतं. कोकरू मी आणतो."

कोकरू तो आणणार नाही हे विदाला माहीत होतं. तिनं त्याच संध्याकाळी, सूर्य मावळून उपवासाचा दिवस लागायच्या आत, त्याच्या मिरच्या करून टाकल्या. सोललेल्या मिरच्या मातीच्या पसरट भांड्यात शेजारी शेजारी निजवल्या, वर टोमॅटोच्या चकत्या, ठेचलेला लसूण, आणि मग खारवलेलं पांढरं चीज हातानं कुस्करून. वर तपकिरी डाग पडेपर्यंत भांडं ओव्हनमध्ये ठेवलं. हे खरं म्हणजे ताटाच्या कडेला, पावाबरोबर चार घास खायचं तोंडीलावणं. गांचो एकटाच ते पोटभर खायचा. भांडं बाहेर काढलं तेव्हा विदानं कोपऱ्यातल्या देवाच्या आईच्या तसबिरीकडे पाहिलं आणि मनात म्हटलं, रांधलं मी आहे, पण उद्या खाणारा तो आहे, एवढं लक्षात असू दे. मग उरलेल्या न सोललेल्या मिरच्या तळघरात नेल्या, घरातल्या सगळ्या सुऱ्या एका फडक्यात बांधल्या आणि कपाटावर टाकल्या.

सकाळी त्या दिवसाची उपासना शेजारच्या गावात होती, कारण एकाच पाद्र्याला चार गावं सांभाळायची. विदा आणि रुमेना चालत जाऊन आल्या. गांचो तिथे नव्हता. परक्या गावात त्याची मेणबत्ती कोण बघणार?

दुपारी पाहुणे आले, दोघंच. बोयान आणि त्याची आई स्तामेना, काळा रुमाल बांधलेली, कमी बोलणारी विधवा बाई. तिनं हातातलं गाठोडं विदाला दिलं. आत घरी भाजलेला गोल पाव होता, अख्खा, न कापलेला, आणि हिरवी द्राक्षं. काळ्या द्राक्षांचा मोसम ऐन भरात असताना हिरवी. विदानं मान वर केली. स्तामेनानंही तिच्याकडे पाहिलं.

टेबलावर विदानं मांडलं होतं ते सगळं उपवास पाळूनच होतं. देठासकट भाजलेल्या हिरव्या मिरच्या, त्यावर तेल, व्हिनेगर आणि कुटलेला लसूण. पांढऱ्या घेवड्याचं कालवण, अक्रोड, पांढरी वाइन. आणि फक्त एका खुर्चीसमोर ते लाल भांडं.

गांचो शेवटी आला, हात हलवत. कसाई आजारी आहे म्हणे. गावातला कसाई सकाळीच दुकानासमोर फरशी धुताना विदाला दिसला होता. तिनं आधी गांचोचा पेला भरला, मग बाकीच्यांचे.

तो जेवायला बसला म्हणजे इतरांनी बघत राहायचं. मिरची बोटांनी उचलायची, चीजसकट तोंडात सोडायची, आणि हनुवटीवरून तेल ओघळत असताना बोलत राहायचं. बोलणं कशावर, तर हल्लीच्या लोकांत श्रद्धा उरली नाही यावर. मध्येच त्यानं पाव कापायला सुरी मागितली. विदा म्हणाली की हाताशी नाही. मग त्यानं खिशातला चाकू काढला, स्तामेनाच्या पावात खुपसला आणि मोठी फोड कापून घेतली. बोयाननं ताटाकडे पाहिलं.

मग गांचोनं एक लाल मिरची, वर चीजचा ढीग, स्तामेनाच्या ताटाकडे नेली. तिनं ताटावर आडवा हात धरला.

"आज नको."

"का? डॉक्टरनं बंद केलंय?"

"दिवस आहे म्हणून."

गांचो हसला आणि तिला समजावू लागला. दिवस सप्टेंबरात असतो, मेंढरं उतरताना, त्याच्या आजीपासून. स्तामेनानं सगळं ऐकून घेतलं.

"तुमच्याकडे अजून जुनं पंचांग चालतं का?" तिनं शांतपणे विचारलं. "आमच्याकडे केव्हाच बदललं, हा दिवस तेरा दिवस अलीकडे आला. चर्चमध्ये सगळ्यांना वाचून दाखवलं होतं."

इथेही वाचून दाखवलं होतं. गावातल्या प्रत्येक म्हाताऱ्या बाईनं नवे दिवस ऐकले, पाठ केले. ती सगळी वर्षं गांचो फाटकाबाहेर उभा होता आणि आतलं वाचन बाहेर ऐकू येत नव्हतं. पुढे आत आला तो थेट शिकवायलाच. जे दिवस गावात घंटा वाजवून साजरे होतात तेवढे त्याला कळले. हा दिवस शेजारच्या गावाच्या वाट्याचा, तो आजीच्या हिशेबातच राहिला.

त्याचा चेहरा भांड्यातल्या मिरचीसारखा झाला. क्षणभर वाटलं, आता तरी हा माणूस गप्प बसेल. पण तो विदाकडे वळला.

"घरातल्या बाईनं दिवस सांगायला नको? मला पाप खाऊ घातलंस, विदा?" आणि त्याचा हात टोपीकडे गेला.

विदाला ती टोपी ओळखीची होती. सांगितलं होतं म्हणावं, तर तो उठणार. नव्हतं सांगितलं म्हणावं, तर होणाऱ्या विहिणीसमोर आपण धर्म न कळणाऱ्या ठरणार.

"माझ्याकडून राहून गेलं, दादा," विदा म्हणाली.

स्तामेनानं टेबलावरून नजर फिरवली. देठासकट हिरव्या मिरच्या, ठेचलेला लसूण, कुठे एक सुरी नाही, कुठे एक लाल ठिपका नाही, त्या एका भांड्याखेरीज. मग तिनं पावाच्या न कापलेल्या बाजूनं हातानं तुकडा मोडला आणि वडीलधाऱ्या माणसाला ओलांडून पहिला विदाच्या हातात दिला.

"राहून गेलं असेल हो, विहीणबाई," ती म्हणाली.

होकार अजून कुणी दिला नव्हता. गांचोला त्यातलं काही कळलं नाही, कारण माफी मिळाल्यावर तो पुन्हा ऐसपैस बसला होता. बायकांचं विसरणं देव मनावर घेत नाही, असं त्यानं सांगितलं. आता पाप झालंच आहे तर अन्न कशाला टाकायचं, म्हणून त्यानं भांडं पावानं पुसून संपवलं. मग घसा खाकरून, आपल्या घराण्याच्या श्रद्धेवर चार वाक्यं बोलून, त्यानं मुलगी दिली.

सगळे गेल्यावर रुमेनानं आईला विचारलं, तू खोटं का बोललीस. विदा म्हणाली की तिचं खोटं पाद्र्याच्या कानात कबूल करताना एका वाक्यात मावेल. गांचोचं मात्र कुठून सुरू करायचं हेच त्याला ठाऊक नाही.

चाकू तो टेबलावरच विसरला होता, पात्यावर लाल तेल आणि चीजचे कण. विदानं त्याला हात लावला नाही, वर एक वाडगा उपडा घातला आणि दिवस तसाच जाऊ दिला. दुसऱ्या दिवशी सकाळी चर्चमध्ये गांचो नेहमीसारखी जाड मेणबत्ती धरून दाराशी उभा होता, आणि एका म्हातारीला थांबवून काल काय खाल्लं ते विचारत होता. विदा त्याच्यासमोरून आत गेली. घरी आल्यावर तिनं तळघरातून मिरच्यांचं पातेलं वर आणलं, उरलेल्या सोलून मीठ लावून ठेवल्या, वाडगा उचलून चाकू धुतला, वर्तमानपत्रात गुंडाळला आणि तो गांचोच्या घरी द्यायला निघाली.