पाठमोरा अमेरिकन

माझी नात दुबईच्या जुमेरा लेक टॉवर्समधल्या फ्लॅटात टीव्हीवर अमेरिकन फुटबॉल लावते आणि मी शेजारी बसतो. सगळं जग चेंडू घेऊन पळणाऱ्याकडे बघत असतं. मी मात्र मधल्या पाच आडदांड माणसांकडे बघतो. "नाना, यू आर लुकिंग अॅट द राँग प्लेस," ती म्हणते. म्हणो बापडी. तिची आई या जगात धडपणे आली ती अशाच एका आडदांड माणसामुळे, हे मी तिला पुष्कळदा सांगितलंय. पण नानांची गोष्ट सुरू झाली की ती स्वयंपाकघरात काहीतरी खायला शोधायला जाते.

गोष्ट साठच्या दशकाच्या सुरुवातीची. सात अमिरातींचा एक देश अजून व्हायचा होता आणि दुबईत व्यवहार रुपयांत चालायचे. मी रत्नागिरीकडचा, पंचविशीतला, खाडीवर माल उतरवून घेणाऱ्या एका कंत्राटदाराकडे कारकून होतो. मोठ्या बोटीला धक्का नव्हता. ती बाहेर समुद्रात नांगर टाकायची आणि माणसं असोत की सिमेंटच्या गोणी, सगळं पडावातून, म्हणजे लहान होडीतून, खाडीत आणावं लागायचं. तेल कंपनीचा माल बघायला तिथे एक अमेरिकन असे. दारात उभा राहिला की खोलीत अंधार व्हावा असा देह, आणि चालताना दोन्ही गुडघे कुरकुरायचे.

हा पूर्वी अमेरिकेत पगारी फुटबॉल खेळायचा असं कळल्यावर आमच्या खोलीतले रत्नागिरीकर खूश झाले. विचारलं, गोल किती केले? म्हणाला, एकही नाही. चेंडूला लाथ कितीदा मारली? कधीच नाही. चेंडू हातात तरी आला होता का? एकदा आला होता, चुकून, तेव्हा घाबरून त्याच्यावर आडवा पडलो, म्हणाला. खोलीतले सर्वांत वडील म्हणजे आमचे चाचा. त्यांनी निकाल देऊन टाकला, हा थापाड्या आहे, कुठल्यातरी गोदीत हमाल असेल.

मग एका संध्याकाळी त्याने वाळूवर आम्हालाच उभं करून खेळ समजावला. चेंडू फेकणारा मागे, पुढे पाच जण. समोरून दांडगे लोक धावून येणार, त्यांना मागच्यापर्यंत पोचू द्यायचं नाही, एवढंच काम. पण धरायचं नाही. हाताने पकडलं की दंड. मुठी छातीशी घ्यायच्या आणि खांद्याने, अंगाने अडवायचं. हुतूतूत वाढलेल्या आमच्या लोकांना हे काही पटेना. पकड नाही तो कसला खेळ, चाचा म्हणाले. शिवाय मागे वळून बघायची सोय नाही. ज्याच्यासाठी मार खायचा त्याचं काम झालं की नाही, ते लोकांच्या आरोळीवरून ओळखायचं.

अशी त्याची उमेदीची वर्षं गेली. सरावाला जड लाकडी घसरगाडी खांद्याने ढकलायची, वर मास्तर उभा राहून शिव्या देणार. पेपरात नाव यायचं ते चूक झाली तरच. पगारात वर्ष निघत नसे, म्हणून हंगाम संपला की तेलाच्या विहिरींवर मजुरी, आणि त्याच ओळखीने पुढे तो इकडे आला. आधी एक गुडघा गेला, मग दुसरा, आणि त्याच आठवड्यात त्याच्या जागी नवा गडी उभा राहिला. हे सांगताना त्याचा आवाज जराही कडवट झाला नाही. चांगलं काम होतं, एवढंच म्हणाला. असल्या कामात चांगलं काय, ते मला तेव्हा कळलं नाही.

कळलं ते बायको आली तेव्हा. तिला सातवा महिना होता. आधी दोनदा मूल पोटातच गेलं होतं. माझी आई वारली आणि गावी तिच्याजवळ कुणी उरलं नाही, म्हणून ती मुंबईहून बोटीने एकटीच निघाली. मी हरखलो होतो त्याहून जास्त भेदरलो होतो, कारण बोटीवरून उतरण्याची आमच्या लोकांची तऱ्हा मला ठाऊक होती. पडाव लागला रे लागला की सुक्या मासळीची बोचकी, नारळ, लोणच्याच्या बरण्या घेऊन अख्खा डेक त्या अरुंद शिडीवर तुटून पडायचा. आधी उतरेल त्याला आधी काम मिळेल, अशी समजूत. त्या रेटारेटीत धडधाकट माणसं पाण्यात पडलेली मी पाहिली होती.

अमेरिकनला हे सांगितलं, तर म्हणाला, मी तिला उचलून आणतो. परक्या पुरुषाने आमच्या घरच्या बाईला हात लावायचा? चाचांनी तर तोंडच फिरवलं. त्याच्या लगेच ध्यानात आलं.

"हात नहीं लगाएगा," तो आपल्या खाडीवरच्या हिंदीत म्हणाला. "पूरी जिंदगी यही तो काम किया."

त्या दिवशी शमाल, म्हणजे वायव्येचा जोराचा वारा सुटला होता. आम्ही दोघं पडावातून गेलो, शिडी चढलो. बायकोला मी शिडीवर घेतलं आणि तो आमच्या मागे, शिडीच्या तोंडाशी, गर्दीकडे तोंड करून उभा राहिला. गुडघे वाकवलेले, मुठी छातीशी. लोक आदळू लागले. यल्ला, यल्ला अशी घाई, शिव्या, कोपर, बोचकी. कुणाची तरी लोखंडी ट्रंक त्याच्या गुडघ्यावर बसली, तो आवाज मला खालपर्यंत ऐकू आला. इकडे पडाव लाटेबरोबर वर यायचा, खाली जायचा. बायको शेवटच्या पायरीवर बसूनच राहिली, पाय टाकायला धजेना. मी दरूद पुटपुटत होतो. तिला घाई कर म्हणण्याची वेळ माझ्यावर आली नाही, कारण वरून एक माणूसही खाली आला नाही. शेवटी पडाव उचलला गेला, तिने पाय टाकला, आणि खलाशांनी "खलास!", म्हणजे झालं, अशी आरोळी ठोकली. त्या आरोळीवरून त्याला कळलं. मग तो बाजूला झाला.

त्याला स्वतःला काही शिडी उतरता येईना. सिमेंटच्या गोणी उतरवायच्या जाळीत बसवून त्याला खाली सोडला. चाचा खाडीच्या काठावर वाट बघत होते. त्यांनी पुढे होऊन त्याला आधार दिला आणि त्याच्या खेळाबद्दल पुन्हा वाकडा शब्द काढला नाही.

मुलगी झाली, सुखरूप झाली. अल्लाहचे उपकार आहेतच, पण त्या माणसाचेही आहेत, आणि ते मी रोज आठवतो. बायको मात्र हळहळायची की, पडावातही माझी मान खालीच होती, मी त्यांची नुसती पाठ पाहिली, तोंड पाहिलंच नाही.

गुडघ्यांनी अगदीच दगा दिला तेव्हा तो अमेरिकेला परत निघाला. निरोप घ्यायला घरी आला, दारातच उभा राहिला. बायको पडद्यामागे होती. ती डोक्यावरचा पदर सारखा करून बाळाला घेऊन बाहेर आली, त्याच्याकडे नीट बघितलं आणि बाळ पुढे केलं. तो एक पाऊल मागे सरला. सवयीने त्याच्या मुठी छातीशी गेल्या.

"त्यांना सांगा," बायको मला म्हणाली, "आता धरलं तरी चालेल."

मी सांगितलं. त्याने मुठी उघडल्या.