ठण्ण म्हणजे राह्यचं

ठोकेभाऊ कुणाच्याही घरात सरळ शिरत नसत. आधी दारात उभं राहून काठीनं चौकट वाजवायची, मग काठी उंच करून छत वाजवायचं, मान तिरपी करून आवाज ऐकायचा, आणि मगच चपला काढायच्या. आवाज मनासारखा नसला तर चहा अंगणात. माझ्या स्वयंपाकघराचं छत त्यांना कधीच पटलं नाही. शेजारी राहून जन्म गेला, पण त्या छताखाली हा माणूस एकदाही जेवला नाही. ताट मी आपली ओसरीवर नेऊन द्यायची, आणि वरून ऐकायचं, "बाई, भाजी ठण्ण आहे, पण छत पाहून घे."

त्यांचं खरं नाव रेशनकार्डालाच ठाऊक. आमच्या माजरीच्या खाण वसाहतीत सगळे ठोकेभाऊच म्हणत, कारण जमिनीखालच्या खाणीत त्यांचं कामच ठोकायचं. लोखंडी सळईनं डोक्यावरचा दगड ठोकायचा, तो काय बोलतो ते ऐकायचं, आणि ठीक असला तर खडूनं आपली खूण करायची. ती खूण दिसली की मागच्या लोकांनी बिनधास्त यावं. "छत बोलते बाई," ते सांगत. "ठण्ण म्हणजे राह्यचं, ढप्प म्हणजे पळायचं. एवढं समजलं का माणूस जगला."

रिटायर झाले, सळई सुटली, हातात काठी आली. ठोकणं काही सुटलं नाही. बाजारात टरबूज ठोकत, ते एक सोडा, सगळेच ठोकतात. पण लेकीसाठी भद्रावतीला मुलगा पाहायला गेले, तर पोह्यांची बशी बाजूला ठेवून पाहुण्यांच्या भिंती ठोकत फिरले! शेवटी निकाल दिला, "पोरगा ठण्ण आहे, मागची भिंत ढप्प आहे. भिंत बदला, मंग बोलू." आणि बदलली हो त्या लोकांनी भिंत! जावई अजून ती भिंत पाहुण्यांना दाखवतो.

हसण्याच्या आड एक गोष्ट होती. त्यांचा धाकटा भाऊ छत पडून खाणीतच गेला होता. त्याबद्दल ते कधी बोलत नसत. फक्त म्हणत, "माह्या घरचं कोणी आता जमिनीखाली जाणार नाई." घरानं तो शब्द पाळला. मुलगा शाळेत मास्तर झाला. नात प्रज्ञा इंजिनियर झाली तेव्हा विहारात बुद्धवंदना झाल्यावर ठोकेभाऊंनी स्वतःच्या हातानं पेढे वाटले. आणि मग तिला नोकरी लागली ती पुण्याला. मेट्रोच्या भुयारी स्टेशनात!

"भुयारी म्हणजे कुठी?" त्यांनी फोनवर विचारलं.

"जमिनीखाली, आबाजी."

फोन त्यांनी माझ्या हातात दिला आणि उठून गेले. त्या दिवसापासून नातीशी बोलणं बंद. पोरगी मला फोन करून रडायची. "आजी, आबाजी नाई म्हणत असतील तर सोडते मी नोकरी. पण एकदा येऊन तर पाहा म्हणा."

मी ओसरीवर ताट ठेवता ठेवता म्हटलं, "भाऊ, न ठोकता कोणतं छत नापास केलं जी तुम्ही आजवर?"

घास हातातच राहिला. मग विचारलं, "गाडी कधीची आहे?"

माझी लेक पुण्यालाच असते, म्हणून मी सोबत निघाले. स्टेशनाच्या दारात भाऊंनी पिशवीतून खाणीतली जुनी टोपी काढली, ती कडक, डोकं वाचवणारी, आणि घातली. तिकीट उलटसुलट पाहिलं. "याच्यावर माह्यं नावच नाई! खाली कोण गेलं, वर कोण आलं, यायले समजते कसं?" सरकत्या जिन्यावर काठी टेकून म्हणाले, "बाई, माणूस उभा आणि जिना चालून राह्यला! आमच्या वक्ताले असता तर गुडघे वाचले असते." खाली उतरताच गार्डला विचारलं, "दुसरी वाट कुठी?" खाणीला बाहेर पडायच्या दोन वाटा लागतातच, म्हणून. गार्डला वाटलं, म्हाताऱ्याला घाई झाली आहे. त्यानं अदबीनं संडास दाखवला.

तिथून परत आले ते थेट एका चकचकीत खांबाकडे. काठी मारली. ढप्प!

भाऊंचा चेहरा पांढरा झाला. दुसऱ्यांदा मारली. ढप्प! आणि मग जो आवाज दिला, "खांब ढप्प आहे! निंगा बाहेर, निंगा!" कॉलेजच्या दोन पोरी खरंच जिन्याकडे पळाल्या. एका गृहस्थानं आधी मोबाइल काढला. गार्ड धावला, आणि त्याच्या मागून पिवळी टोपी घातलेली प्रज्ञा. टोपीसमोर टोपी, आजा आणि नात.

"आबाजी, तो खांब नाई. खांबावर लावलेला पत्रा आहे तो, दिसाले चांगलं म्हणून."

"खांबाले लुगडं नेसवलं?"

"हो."

"मंग पदर बाजूले कर."

पलीकडे दुरुस्तीसाठी एक पत्रा काढलेला होता. साहेबांना विचारून तिनं आम्हाला तिथे नेलं. आत नुसतं सिमेंट, खरबरीत, राखाडी. भाऊंनी कान लावून ठोकलं. ठण्ण. जरा सरकून पुन्हा. ठण्ण. ती सांगत होती, वर बाजार होता, दुकानं होती, म्हणून सगळं एकदम उकरता येईना. आधी वरूनच जमिनीत भिंती उतरवल्या, मग छत घातलं, आणि मग छताखालची माती काढत खाली गेले.

"म्हणजे आधी झाकण, मंग हंडी?" भाऊ थबकले. "आम्ही आधी खांदलं बाई, आणि छताची काळजी मागून केली." मग खिशातून खडू काढला आणि त्या सिमेंटवर आपली खूण केली, एक गोल आणि त्यात आडवी रेघ.

"ओ आजोबा, इथे लिहायचं नाही!" गार्ड ओरडला.

"राहू द्या," प्रज्ञा म्हणाली. "पत्र्याआड जाईल ते."

इतक्या महिन्यांनी भाऊंनी पहिल्यांदा तिची चौकशी केली, "डबा आणतं का नाई? कँटीनचं खाऊ नको." एवढंच. पण तेवढ्यात सगळं आलं.

पुढल्या वर्षी ठोकेभाऊ गेले. दवाखान्यात खाटेमागची भिंत बोटानं वाजवून म्हणाले होते, "ढप्प आहे. मले घरी न्या." नेलं घरी. आपल्या छताखालीच गेले.

परवा लेकीकडे गेले होते, तर मुद्दाम त्या स्टेशनात उतरले. त्या जागी आता पत्रा बसला आहे, गुळगुळीत, आरशासारखा. माणसं त्याच्यापुढून बिनधास्त ये-जा करत होती. मी बोटानं वाजवलं. ढप्प.

गार्ड आला. "आजी, काय करताय?"

म्हटलं, "काही नाही रे बाबा. आत आमचे शेजारी आहेत, त्यांना हाक मारली."